‘ऑफबीट’ (१९६१): मराठी सबटायटलच्या कामाच्या नोंदी

३ जून

शेवटी ठरलं. आपल्या सिनेमा ग्रुपच्या जुलैच्या शोला ‘ऑफबीट’ दाखवायचा आणि सबटायटल मराठीत द्यायची. १९६१ चा ब्रिटिश सिनेमा, ब्लॅक अँड व्हाइट, ७२ मिनिटांचा, दिग्दर्शक क्लिफ ओवेन, अमेरिकेत हाच ‘द डेव्हिल इन्साइड’ नावाने लागला होता. गोष्ट अशी की लंडनमधल्या एका मुरलेल्या टोळीत माणूस घुसवायचाय, त्यासाठी स्कॉटलंड यार्ड (लंडनचे पोलीस) एमआय फाइव्ह या ब्रिटिश गुप्तचर खात्याकडून लेटन नावाचा माणूस उसना घेतं, हा लेटन स्टीव्ह रॉस नावाचा चोर बनून आत जातो, आणि आत गेल्यावर त्याला जाणवायला लागतं की ही माणसं आपल्या हपिसातल्या माणसांपेक्षा एकमेकांना जास्त धरून आहेत. शेवट इथे लिहित नाही कारण या नोंदी आपल्या ग्रुपमधले सगळे वाचतात आणि निम्म्यांनी सिनेमा पाहिलेला नाही.

मराठीत का तर आपल्याकडे येणारे अर्ध्याहून जास्त लोक साठीच्या पुढचे आहेत, सिनेमा त्यांना चांगला कळतो पण लंडनचं इंग्लिश कानाला लागत नाही, आणि इंग्लिश सबटायटल वाचेपर्यंत पुढचं वाक्य येतं. मागच्या वेळी दोन काका मध्यंतरात निघून गेले ते मला फार लागलं होतं.

भाषांतर मी करणार, टायमिंग आणि तपासणी मैत्रीण करणार.

७ जून

आज पूर्ण संध्याकाळ टायमिंगमध्येच गेली. मी आधी एका प्रिंटवर दोनेकशे ओळींचे टाइमकोड लावून ठेवले होते, ते प्रोजेक्शनच्या कॉपीवर टाकले तर पहिल्या मिनिटाला बरोबर, पाचव्या मिनिटाला बारा-तेरा सेकंद मागेपुढे, दहाव्या मिनिटाला पंचवीस सेकंदांचा फरक. मी म्हटलं ऑफसेट देऊन बघू, म्हणजे सगळ्या ओळी सारख्याच सेकंदांनी सरकवू, पण ऑफसेटने सुरुवात जुळली की शेवट हलतो. मैत्रिणीने लगेच ओळखलं. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमने शूट झालेला असतो आणि युरोपातल्या टीव्ही-डीव्हीडीसाठी तो २५ फ्रेमने पळवतात, म्हणून ७२ मिनिटांचा सिनेमा साधारण ६९ मिनिटांत संपतो आणि आवाज पण किंचित चिरका होतो. माझी पहिली प्रिंट २५ ची होती आणि प्रोजेक्शनची २४ ची. सगळे टाइमकोड २५ भागिले २४ ने गुणले की काम झालं. एका झटक्यात सगळी फाईल जुळली तेव्हा आम्ही दोघी खरंच टाळ्या वाजवल्या.

पुढच्यांसाठी लिहून ठेवते: आधी फ्रेमरेट बघा, मग पहिली ओळ लिहा.

१० जून

आता खरं काम. इंग्लिशमध्ये सगळ्यांना एकच ‘यू’, आपल्याला प्रत्येक ओळीला ठरवावं लागतं की तू का तुम्ही. आधी वाटलं सोपं आहे, वरिष्ठांना तुम्ही आणि टोळीतल्यांना तू, संपलं. पण करायला बसल्यावर लक्षात आलं की यातच सिनेमा आहे. यार्डाचा सुपरिटेंडंट लेटनला काय म्हणेल? तो दुसऱ्या खात्याचा माणूस, उसना घेतलेला, त्याला ‘तुम्ही’च म्हणणार, आणि तो ‘तुम्ही’ मानाचा नाही, लांब ठेवण्याचा आहे. सरकारी हपिसात आपल्याला जसं ‘तुमचा अर्ज मिळाला’ म्हणतात तसा. आणि टोळीतली माणसं दोन दिवसांत त्याला ‘तू’ म्हणायला लागतात. मराठी कानाला हे न सांगता कळतं, कुठे मान आहे आणि कुठे माया आहे ते. लेटन कुठे ओढला जाणार ते प्रेक्षकाला या सर्वनामांवरूनच कळेल आणि मला वेगळं काही करायची गरजच नाही, फक्त सांभाळायचं आहे की एकही ओळ चुकीची जाऊ नये.

रूथचं अजून ठरत नाही. रूथचं काम माई झेटरलिंगने केलंय, मूळची स्वीडिश, पुढे ती स्वतः दिग्दर्शक झाली, १९६४ चा ‘लव्हिंग कपल्स’ तिचाच. लेटन आणि रूथ एकमेकांत गुंततात. पहिल्या भेटीत तुम्ही हे नक्की, पण ‘तू’ आधी कोण म्हणतं? मैत्रीण म्हणते, अगं सरळ आहे, त्या काळातल्या बाईच्या तोंडी ‘तुम्ही’च ठेव शेवटपर्यंत. मला ते पटत नाही, आपल्याकडच्या १९६१ च्या सिनेमातली नायिका म्हणाली असती ‘अहो’, ही तशी नाही, ही स्वतःच्या पायावर उभी असलेली बाई आहे. सध्या असं ठेवलंय की रूथ आधी ‘तू’वर येते आणि तो तीन ओळींनंतर.

१४ जून

गुन्हेगारांची बोली. लंडनच्या त्या जगात पोलिसाला ‘कॉपर’, साहेबाला ‘गव्हनर’, चोरीचा माल घेणाऱ्याला ‘फेन्स’, तिजोरीला ‘पीटर’ आणि तिजोरी फोडणाऱ्याला ‘पीटरमन’. फेन्सला आपल्याकडे वेगळा शब्द शोधायला नको, ‘चोरीचा माल घेणारा’ हे पेपरमध्ये रोज वाचतो पण सबटायटलमध्ये लांब होतं, म्हणून ‘मालवाला’ केलंय, संदर्भाने कळतं.

खबर देणाऱ्याला ‘ग्रास’ म्हणतात आणि जुना शब्द ‘नार्क’. हा नार्क शोधताना माझा अख्खा तास गेला पण सत्कारणी लागला. अभ्यासक मानतात की तो रोमानी भाषेतून आलाय, रोमानीत ‘नाक’ म्हणजे नाकच! हजारेक वर्षांपूर्वी आपल्याकडून निघालेल्या लोकांची भाषा, तिच्यातलं नाक लंडनच्या चोरांच्या तोंडात जाऊन खबऱ्या झालं. आणि दोस्त या अर्थाचा ‘पॅल’ पण रोमानीच, भाऊ या अर्थाच्या ‘फ्राल’वरून, म्हणजे आपल्या ‘भ्राता’चा नातलग. खबऱ्या आणि भाऊ दोन्ही शब्द एकाच घरातून आले, आणि आपला लेटन टोळीचा दोन्ही आहे. सबटायटलमध्ये यातलं काहीच घालता येत नाही, पण माहितीपत्रकात घालणार म्हणजे घालणार.

१९ जून

आज आमच्या सोसायटीतले निवृत्त हवालदार काका येऊन बसले. मीच बोलावलं होतं, कारण ‘अंडरकव्हर’ला शब्द सापडत नव्हता. मी ‘साध्या वेशातला पोलीस’ लिहिलं होतं ते त्यांनी लगेच खोडलं. म्हणाले, “साधा वेश म्हणजे फक्त वर्दी नाही. माणूस पोलीसच असतो, बाजारात उभा असतो, संध्याकाळी घरी जातो. हा तुझा माणूस घरी कुठे जातोय?” मग मी पंटर म्हणून बघितलं, तर म्हणाले पंटर म्हणजे आम्ही पाठवलेलं खोटं गिऱ्हाईक, त्याचं काम नोट देईपर्यंत. खबऱ्या म्हणजे त्यांच्यातलाच एक, जो आमच्याकडे बातमी आणतो, कागदावर त्याला ‘गुप्त बातमीदार’ लिहायचं. हा तिन्ही नाही. मी विचारलं मग तुम्ही आपसात काय म्हणायचात, तर थोडा वेळ गप्प बसले आणि म्हणाले, “माणूस आत सोडलाय, असं म्हणायचो.”

आत सोडलेला माणूस. ठरलं. सगळ्या फाईलमध्ये बदललं.

मग त्यांनी स्वतःहून एक सांगितलं. नोकरीच्या सुरुवातीला त्यांना एका मटक्याच्या अड्ड्यासमोरच्या चहाच्या टपरीवर तीन आठवडे कामाला ठेवलं होतं, कपबश्या विसळायच्या आणि कोण येतं जातं ते बघायचं. आकडे लिहिणारा पोरगा विशीतला, रोज यांच्या हातचा चहा घ्यायचा, एकदा यांना ताप होता तर त्याने गोळ्या आणून दिल्या. रेड पडली त्या दिवशी सगळी पळापळ, त्या पोराला दोघांनी धरलेलं, आणि यांना समोर बघून तो ओरडला, “तू पळ!” त्याला वाटलं यांना पण धरतायत. काका म्हणाले, “मी पळालो नाही. तिथेच उभा राहिलो. मग त्याला कळलं.” पुढे काही बोलले नाहीत, चहा संपवला आणि गेले.

मी आज एकही ओळ केली नाही.

२३ जून

काकांमुळे एक गाठ सुटली आणि दुसरी मोठी दिसली. तू-तुम्हीपेक्षा मोठा प्रश्न ‘वी’चा आहे. आपल्याकडे त्याचे दोन होतात, आपण आणि आम्ही. आपण म्हणजे ऐकणारा धरून, आम्ही म्हणजे ऐकणारा सोडून. टोळीत बसलेला लेटन ‘आपण’ म्हणणारच, तो तर नाटक करतोय, तिथल्या ‘आपण’वरून त्याच्या मनाचं काही कळत नाही. खरी परीक्षा यार्डाच्या माणसाशी बोलताना आहे. सुरुवातीला तो टोळीबद्दल बोलेल तेव्हा ‘ते लोक’, आणि पोलिसांबद्दल बोलेल तेव्हा ‘आपण’. पण एकदा का पोलिसासमोर बसून टोळीच्या कामाबद्दल त्याच्या तोंडून ‘आम्ही’ निघालं की संपलं, कारण त्या ‘आम्ही’त समोरचा साहेब नाही. आम्ही म्हणजे मी आणि ते. तुम्ही नाही.

इंग्लिशमध्ये हे सगळं एका ‘वी’खाली झाकून राहतं आणि विल्यम सिल्वेस्टर ते चेहऱ्याने दाखवतो, फार थोडं दाखवतो, जबडा जरा घट्ट होतो एवढंच. (हाच माणूस पुढे कुब्रिकच्या ‘२००१: अ स्पेस ओडिसी’ या सिनेमात डॉक्टर हेवूड फ्लॉइड झाला, तिथेही माहिती दडवणाऱ्या सरकारी माणसाचंच काम.) आता मराठीत ते झाकून ठेवायचं का उघडं करायचं? मैत्रिणीचं म्हणणं की गुळमुळीत कर, ‘टोळी आत शिरणार’ असं लिही, नाहीतर प्रेक्षकाला वेळेच्या आधी कळेल. माझं म्हणणं की मराठी माणूस तिथे ‘आम्ही’च म्हणेल, आणि त्याला स्वतःला कळणारही नाही की आपण काय बोलून गेलो. काका त्या अड्ड्याबद्दल बोलताना दोनदा ‘आमच्या टपरीवर’ म्हणाले होते, चाळीस वर्षांनंतर.

दोघींचं जुळलं नाही. उद्या बघू.

२४ जून

‘आम्ही’ ठेवलं. मैत्रीण तयार झाली पण एका अटीवर, की सुरुवातीच्या ‘ते लोक’ सगळ्या ओळी एकसारख्या हव्यात, नाहीतर बदल कळणारच नाही. बरोबर आहे तिचं. मी काही ठिकाणी ‘टोळीवाले’ आणि काही ठिकाणी ‘ती माणसं’ केलं होतं, सगळीकडे ‘ते लोक’ केलं.

२८ जून

फॉन्ट. पेनड्राइव्हवरून हॉलच्या टीव्हीवर चाचणी केली तर मराठी दिसते पण ‘खबऱ्या’ दिसत नाही! अर्धा र तुटून त्या जागी टिंबांचा गोल येतो, ‘खबर’ वेगळं आणि ‘या’ वेगळं. सिनेमाभर जो शब्द सर्वात महत्त्वाचा तोच फुटतोय. आपला हा डोळ्याच्या पापणीसारखा ऱ्य हिंदीत लागत नाही म्हणून कित्येक ठिकाणी त्याची कोणी काळजीच घेतलेली नसते. दुसऱ्या शब्दावर जाऊ का असं एकदा मनात आलं, ‘फितूर’ चाललं असतं, पण फितूर म्हटलं की आपल्या डोक्यात गडकिल्ले येतात, आणि मशीनला जमत नाही म्हणून मी शब्द का सोडू? शेवटी अक्षरं चित्रातच छापून टाकली, मुक्ता फॉन्ट वापरला, त्यात पापणी सुरेख येते. पांढऱ्या शर्टांवर पांढरी अक्षरं हरवत होती म्हणून फिकट पिवळा रंग आणि काळी कड.

अजून एक. सॉफ्टवेअर वाचण्याचा वेग मोजतं तो अक्षरांवर, पण त्याच्या लेखी ‘खबऱ्या’ सहा खुणा आणि आपल्या डोळ्याला अक्षरं तीनच. त्यामुळे ते सारखं लाल दाखवत राहतं की ओळ लांब झाली. ते बघायचं सोडून दिलं आणि आईला समोर बसवून मोठ्याने वाचायला लावलं. तिची जिथे वाचून झाली नाही ती ओळ कापली. अशा ६१ ओळी निघाल्या.

३ जुलै

माहितीपत्रक. एकच पान आहे आणि मनात दहा पानांचं साचलंय.

पहिली गोष्ट म्हणजे असे सिनेमे निघायचे कसे. त्या काळात एका तिकिटात दोन सिनेमे दाखवायचे, एक मोठा आणि त्याच्या आधी एक छोटा, तो छोटा म्हणजे हा. १९२७ च्या कायद्याने ब्रिटनमधल्या थिएटरांना ठरावीक वाटा ब्रिटिश सिनेमांचा ठेवावा लागायचा, त्यातून स्वस्तात आणि घाईत सिनेमे काढायची सवय लागली. पुढे ईडी लेव्ही आली, तिकिटावरच्या छोट्या करातून जमलेला पैसा ब्रिटिश सिनेमा काढणाऱ्यांकडे परत यायचा. १९४६ मध्ये ब्रिटनमध्ये वर्षाला १६३ कोटी तिकिटं खपली होती, १९६० पर्यंत ती पन्नास कोटींवर आली, घरोघरी टीव्ही आला होता. म्हणजे ‘ऑफबीट’ काढणारे लोक संपत आलेल्या धंद्यात काम करत होते आणि तरी त्यांनी असं काम केलंय. लेखक पीटर बार्न्स, पुढे १९६८ मध्ये ‘द रूलिंग क्लास’ हे गाजलेलं नाटक याने लिहिलं. अशा छोट्या सिनेमांवर, म्हणजे बी सिनेमांवर, पुस्तक लिहिणारे चिबनॉल आणि मॅकफार्लेन यांनी दुसऱ्या महायुद्धानंतरच्या सर्वात गुणवान पंधरा बी सिनेमांत याला घेतलंय.

दुसरी गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. ब्रिटनमध्ये पोलिसाने वेश बदलून लोकांत मिसळणं हे सुरुवातीपासून बदनाम आहे. १८२९ मध्ये लंडनचे मेट्रोपॉलिटन पोलीस उभे राहिले आणि १८३३ मध्येच पोपे नावाच्या सार्जंटचं प्रकरण पार्लमेंटपर्यंत गेलं. हा पोपे गरीब चित्रकार असल्याचं सांगून नॅशनल युनियन ऑफ द वर्किंग क्लासेस या कामगारांच्या संघटनेत शिरला होता, नुसता ऐकत बसला नाही, सभेत पुढे होऊन बोलायचा, लोकांना भडकवायचा. उघडकीला आलं, चौकशी समितीने ठपका ठेवला, त्याची नोकरी गेली. पहिली डिटेक्टिव्ह शाखा निघायला १८४२ उजाडलं, लोकांना वर्दीतला पोलीस चालत होता, न दिसणारा नको होता. मग दुसऱ्या महायुद्धानंतर काळा बाजार वाढला तेव्हा यार्डाने १९४६ मध्ये चार अधिकाऱ्यांचं एक पथक सोडलं, खटल्यात साक्षीला यायचं नाही, फक्त गुन्हेगारांत फिरून बातम्या आणायच्या. घोस्ट स्क्वॉड म्हणायचे त्याला, १९४९ मध्ये बंद झालं. त्याच नावाची टीव्ही मालिका १९६१ मध्येच सुरू झाली, म्हणजे आपला सिनेमा आला तेव्हा हा विषय लोकांच्या तोंडी होता.

आणि तिसरी गोष्ट लिहू का नको यावर दोन दिवस घालवले. १९६८ मध्ये लंडन पोलिसांनी आंदोलनांत माणसं घुसवायला वेगळं पथक काढलं, ते चाळीस वर्षं चाललं. त्यातल्या कित्येकांनी मेलेल्या लहान मुलांची नावं घेतली होती, आणि आंदोलनातल्या बायकांशी वर्षानुवर्षं संबंध ठेवले, त्या बायकांना आपल्यासोबत राहतोय तो माणूस कोण हेच माहीत नव्हतं. २०१५ मध्ये पोलिसांनी त्यातल्या काही जणींची जाहीर माफी मागितली आणि त्याच वर्षी सरकारी चौकशी नेमली गेली. हे वाचल्यावर लेटन आणि रूथच्या गोष्टीकडे मला पहिल्यासारखं बघता येईना. सिनेमा लेटनच्या बाजूने उभा आहे, त्याची घालमेल दाखवतो, आपल्याला त्याचं वाईट वाटतं. पण रूथ ज्याच्यावर जीव लावते तो स्टीव्ह रॉस मुळात नाहीच. तो कितीही खरं प्रेम करत असो, तिला निवड करायला मिळालेलीच नाही.

लिहिलं. चार ओळींत लिहिलं, पण लिहिलं. आणि रूथचा ‘तू’ आता मला वेगळा ऐकू येतो, ती तो खोट्या माणसाला देतेय.

६ जुलै

पत्रक एका पानात बसवायला कलाकारांचा परिच्छेद कापावा लागला, म्हणून इथे ठेवते. टोळीच्या बाजूला कोण कोण आहे बघा: सिल्वेस्टर कॅलिफोर्नियाचा, झेटरलिंग स्वीडनची, जॉन मेलन ऑस्ट्रेलियाचा, हॅरी बेअर्ड गयानाचा काळा नट, आणि १९६१ च्या सिनेमात तो नोकर-चाकर नाही, कामातला बरोबरीचा माणूस आहे. बाहेरून आलेली माणसं एका खोलीत एकत्र, आणि यार्डात सगळे अस्सल इंग्रज साहेब. मुद्दाम केलं का योगायोग, काही असो, कानाला ते ऐकू येतं. टोळीतला अँथनी डॉसन तुम्ही हिचकॉकच्या ‘डायल एम फॉर मर्डर’मध्ये बघितलाय, कात्री पाठीत घुसते तो.

आणि बोगदा! ही टोळी बोगदा खणून जवाहिऱ्यांच्या तिजोरीपर्यंत जाते. बरोबर दहा वर्षांनी, सप्टेंबर १९७१ मध्ये, लंडनच्या बेकर स्ट्रीटवर खरोखरच्या चोरांनी दोन दुकानं पलीकडची जागा भाड्याने घेऊन खालून बोगदा खणला आणि बँकेच्या लॉकररूममध्ये निघाले.

११ जुलै

पूर्ण रन. ७९४ ओळी, चार ठिकाणी टायमिंग ढिलं, एका ठिकाणी ‘रॉस’च्या जागी मीच ‘लेटन’ लिहून बसले होते, टोळीतल्या माणसाच्या तोंडी! सगळं फोडलं असतं. बरं झालं मैत्रिणीने पकडलं.

१३ जुलै

शो झाला. बाहेर धो धो पाऊस, तरी अडतीस लोक. काका दुसऱ्या रांगेत.

लेटनच्या तोंडी ते ‘आम्ही’ आलं तेव्हा मी पडद्याकडे बघत नव्हते, लोकांकडे बघत होते. दोन सेकंद काही नाही. मग मागून एक आजी शेजारणीला हळू म्हणाल्या पण शांततेत सगळ्यांना ऐकू गेलं, “गेला गं हा तिकडे.” मैत्रिणीने अंधारात माझा हात दाबला.

मध्ये कोणी उठलं नाही.

१५ जुलै

दुरुस्त्या: ३४० आणि ३४१ नंबरच्या ओळी एकत्र केल्या, लोकांना वाचायला कमी पडत होत्या. ‘मालवाला’ तिघांना कळलं नाही, पहिल्या वेळी ‘चोरीचा माल घेणारा’ पूर्ण लिहिलं आणि नंतर मालवाला. रूथच्या ‘तू’नंतर लेटन तीन ओळींनी ‘तू’वर यायचा, आता सात ओळींनी येतो, त्याला जास्त वेळ लागायला हवा.

२४ आणि २५ दोन्ही फ्रेमरेटच्या फाइली ग्रुपच्या ड्राइव्हवर टाकल्या आहेत, अक्षरं छापलेली कॉपी वेगळी. काकांना पेनड्राइव्हवर एक दिली, त्यांना घरी काकूंना दाखवायचाय, म्हणाले मी सोबत बसेन.